कॅमेरा आणि मॉनिटर यांच्या मधली बाई : जोन जोनास यांच्या ‘ऑरगॅनिक हनी’चा प्रकरण अभ्यास

जोन जोनास या अमेरिकन दृश्यकलावतीने १९७२ साली न्यू यॉर्कमध्ये एक सोंग उभे केले आणि त्याचे नाव ‘ऑरगॅनिक हनी’ ठेवले. हे नाव त्यांनी मधाच्या बरणीवरच्या लेबलावरून उचलले होते. मुखवटा होता बाहुलीच्या चेहऱ्याचा, गुळगुळीत, गोंडस आणि निर्विकार. तो त्यांना कामुक वस्तू विकणाऱ्या एका दुकानात सापडला होता. डोक्यावर पिसांचा शिरपेच, अंगावर झगमगीत कपडे आणि हातात पंखा असा या बाईचा थाट होता. ही बाई म्हणजे दूरचित्रवाणीच्या पडद्यावर वावरणारी मोहिनी आहे, असे जोनास यांनी स्वतःच सांगितले आहे. तिच्याभोवती त्यांनी सादरीकरणे रचली, रेखाटने केली आणि चित्रफिती तयार केल्या. त्यांपैकी ‘ऑरगॅनिक हनीज व्हिज्युअल टेलिपथी’ आणि ‘व्हर्टिकल रोल’ या १९७२ च्या दोन कृष्णधवल फितींना वगळून व्हिडिओ कलेचा इतिहास लिहिताच येत नाही.

कल्पित व्यक्तिमत्त्व घेऊन काम करणारे कलावंत त्या काळात अमेरिकेत इतरही होते, आणि त्यांच्याशी तुलना केली की या प्रकरणाचे वेगळेपण चटकन ध्यानात येते. लिन हर्शमन यांनी १९७३ पासून सॅन फ्रान्सिस्कोमध्ये ‘रॉबर्टा ब्राइटमोर’ नावाची एक स्त्री घडवली. तिला वाहन चालवण्याचा परवाना होता, बँकेत खाते होते, भाड्याचे घर होते, ती मानसोपचारतज्ज्ञाकडे जात असे आणि घर वाटून घेण्यासाठी वर्तमानपत्रात जाहिरातही देत असे. पुढे आणखी काही स्त्रियांनी तिचे सोंग घेतले आणि १९७८ साली इटलीतल्या फेरारा येथे एक विधी करून तिला निरोप देण्यात आला. कागदपत्रांच्या आधारे माणूस सिद्ध होतो हे रॉबर्टाने दाखवून दिले. ऑरगॅनिक हनीजवळ असा एकही कागद नाही. तिला गाव नाही, वय नाही, भूतकाळ नाही, तिच्या बाबतीत काही घडतही नाही. कथानकाच्या अर्थाने ती पात्रसुद्धा नाही. तरीही पडद्यावर ती दिसली की तिचे अस्तित्व नाकारता येत नाही, आणि या विरोधाचा उलगडा करणे हाच या लेखाचा हेतू आहे. माझे म्हणणे असे की ऑरगॅनिक हनी मुखवट्यामुळे निर्माण होत नाही. कॅमेऱ्यासमोरचे शरीर आणि त्याच क्षणी मॉनिटरवर उमटणारी त्याची प्रतिमा यांच्यात जे अंतर पडते, त्या अंतरात ती राहते. मुखवटा, पिसे आणि पंखा ही त्या अंतराकडे लक्ष वेधणारी साधने आहेत.

आरशापासून मॉनिटरपर्यंत

जोनास यांचा जन्म १९३६ सालचा, न्यू यॉर्कचा. त्यांनी कलेतिहास आणि शिल्पकला यांचे शिक्षण घेतले आणि साठच्या दशकाच्या उत्तरार्धात शिल्पापासून त्या सादरीकरणाकडे वळल्या. त्या काळात न्यू यॉर्कमधले नर्तक चालणे, बसणे, वस्तू उचलणे अशा साध्या हालचालींना नृत्य मानू लागले होते, आणि त्या वातावरणाचा त्यांच्यावर मोठा परिणाम झाला. शिल्पकाराची नजर मात्र त्यांनी सोडली नाही. जागा किती खोल आहे आणि वस्तू किती लांब आहे, हे प्रश्न त्यांच्या प्रत्येक कामात आहेत.

या काळातले त्यांचे मुख्य साधन होते आरसा. १९६९ च्या ‘मिरर पीस’मध्ये कलाकार पुरुषभर उंचीचे आरसे अंगासमोर धरून संथपणे हालत असत आणि समोर बसलेल्या प्रेक्षकांना कलाकारांच्या शरीराच्या जागी स्वतःचीच तुकड्या-तुकड्यांतली प्रतिबिंबे दिसत. १९७० च्या ‘मिरर चेक’मध्ये जोनास विवस्त्र उभ्या राहून हातातल्या लहान आरशाने आपले शरीर अवयवागणिक तपासत. हा प्रयोग मला फार महत्त्वाचा वाटतो, कारण त्यात पाहण्याची सत्ता कुणाकडे आहे याची अत्यंत नेमकी मांडणी आहे. प्रेक्षकांना स्त्रीचे संपूर्ण शरीर दिसत असे, परंतु ती आरशात काय पाहत आहे ते त्यांना कधीच दिसत नसे. आपल्या शरीराची प्रतिमा त्या एकट्याच पाहत होत्या.

१९७० साली त्या जपानला गेल्या. तिथे त्यांनी नोह नाट्य पाहिले आणि तिथूनच सोनी कंपनीचा पोर्टापॅक हा खांद्यावर वाहून नेता येणारा व्हिडिओ संच आणला. या दोन गोष्टी एकाच प्रवासात त्यांच्या हाती आल्या हे पुढच्या कामाच्या दृष्टीने निर्णायक ठरले. नोहमध्ये पुरुष नट लाकडी मुखवटा चढवून स्त्रीची भूमिका करतात. रंगमंचावर येण्यापूर्वी नट ‘कागामी-नो-मा’, म्हणजे आरशाच्या खोलीत, आरशासमोर बसून मुखवटा बांधतो आणि प्रतिबिंबाकडे पाहत भूमिकेत शिरतो. मुखवट्याखाली नटाची हनुवटी दिसत राहते आणि ती लपवण्याचा कुणी प्रयत्नही करत नाही. सोंग आणि सोंग घेणारा हे दोघेही एकाच वेळी दिसावेत, त्यातून सोंगाचे बळ कमी होण्याऐवजी वाढावे, ही रीत जोनास यांच्या पुढच्या कामात सतत आढळते. लाकडी ठोकळे एकमेकांवर आपटून काढलेला कोरडा ठोका हाही त्यांच्या कामात दीर्घकाळ टिकला.

पोर्टापॅक हे यंत्र आज अवजड वाटेल, पण तेव्हा ते क्रांतिकारक होते. अर्धा इंच रुंदीच्या, उघड्या रिळावरच्या फितीवर साधारण अर्धा तास कृष्णधवल चित्र आणि ध्वनी उमटत असे. स्टुडिओची गरज नव्हती, तंत्रज्ञांचा ताफा लागत नव्हता, आणि चित्रपटाच्या फिल्मप्रमाणे ती प्रयोगशाळेत धुऊन येण्याची वाट पाहावी लागत नव्हती. संकलन मात्र अत्यंत कटकटीचे होते, त्यामुळे बहुतेक कलावंत सलग चित्रीकरण करत. जोनास यांच्यासारख्या स्त्रियांच्या दृष्टीने आणखी एक बाब महत्त्वाची होती. चित्रकला आणि शिल्पकला या क्षेत्रांवर पुरुषांच्या परंपरेचा भार होता. व्हिडिओला अजून परंपराच नव्हती. हे माध्यम कुणाच्या मक्तेदारीत गेलेले नव्हते म्हणूनच ते आपल्याला आकर्षक वाटले, असे जोनास यांनी वेळोवेळी सांगितले आहे. स्त्रीवादी चळवळ न्यू यॉर्कमध्ये जोर धरत होती आणि ‘स्त्रीची अशी वेगळी प्रतिमा असते का’ हा प्रश्न तिथल्या कलावंत स्त्रियांपुढे प्रत्यक्ष कामाचा प्रश्न म्हणून उभा होता.

बंद मंडल

कॅमेऱ्याची तार थेट मॉनिटरला जोडली की फीत न फिरवताही समोरचे दृश्य त्याच क्षणी पडद्यावर दिसते. या जोडणीला आपण बंद मंडल म्हणू. एकांतात, आपल्या राहत्या जागेत, जोनास या मंडलासमोर तासन्‌तास बसत आणि स्वतःकडे पाहत प्रयोग करत. याच सरावातून ऑरगॅनिक हनी आकाराला आली.

या ठिकाणी आरसा आणि मॉनिटर यांच्यातला एक फरक नीट समजून घ्यावा लागतो. आरशासमोर आपण उजवा हात वर केला तर आरशातला हातही आपल्या उजव्या बाजूलाच वर जातो. मॉनिटरवर मात्र आपली प्रतिमा समोर उभ्या राहिलेल्या दुसऱ्या माणसासारखी दिसते. उजवा हात वर केला की पडद्यावर तो आपल्या डावीकडे वर जातो. जन्मभर आरशाची सवय झालेला माणूस अशा प्रतिमेसमोर केस सारखे करायला गेला तरी त्याचा हात चुकतो. जोनास यांनी याच गोंधळावर १९७२ साली ‘लेफ्ट साइड राइट साइड’ ही फीत केली. तिच्यात त्या आरसा आणि मॉनिटर दोन्ही समोर ठेवून चेहऱ्याच्या एकेका बाजूकडे बोट दाखवतात आणि ‘ही माझी डावी बाजू, ही माझी उजवी बाजू’ असे सांगत राहतात. काही वेळाने पाहणाऱ्याला कोणती बाजू कोणती ते ठरवता येत नाही. चेहरा त्यांचाच आहे, बोटही त्यांचेच आहे, तरीही प्रतिमा त्यांची उरत नाही. स्वतःचीच प्रतिमा परक्या माणसासारखी समोर बसलेली पाहणे हा ऑरगॅनिक हनीच्या जन्माचा खरा क्षण आहे, असे मी मानतो. मुखवटा चढवण्याच्या आधीच यंत्राने ती परकी बाई तयार ठेवली होती.

१९७२ साली न्यू यॉर्कच्या लो ज्युदिचे गॅलरीत ही बाई प्रेक्षकांसमोर आली. मांडणी वरवर साधी होती. सादरीकरणाच्या जागेत मेज, आरसे, मॉनिटर आणि वस्तू होत्या, आणि एक कॅमेरा जोनास यांच्या मागोमाग फिरत होता. प्रेक्षकांना समोर प्रत्यक्ष बाई दिसत होती आणि त्याच वेळी मॉनिटरवर त्याच बाईचा अगदी जवळून टिपलेला एखादा तुकडा दिसत होता, कधी डोळा, कधी बोटे, कधी मुखवट्याची कड. समोरची आकृती लांब, लहान आणि घरगुती कामात गुंतल्यासारखी वाटे. पडद्यावरची बाई मोठी, चमकदार आणि गूढ दिसे. दोन्हींपैकी एकीकडे पाहावे तर दुसरी निसटत असे. बाबेत मांगोल्त यांनी टिपलेली या सादरीकरणांची छायाचित्रे पाहिली की जागेतली ही विभागणी स्पष्ट होते: माणसे, तारा, पडदे आणि आरसे सगळे उघडे आहेत, यंत्रसामग्रीवर कुठेही पडदा टाकलेला नाही.

एक प्रसंग जवळून पाहण्यासारखा आहे. जोनास कागदावर चित्र काढतात, परंतु काढताना कागदाकडे पाहत नाहीत. कॅमेरा वरून हात आणि कागद टिपत असतो आणि त्यांची नजर मॉनिटरवर खिळलेली असते. हात एका जागी असतो आणि त्याला दिशा देणारी नजर दुसऱ्या जागी असते. ओळखीचा आकार काढताना रेष अडखळते, वळण चुकते, मग सावरते. चित्रकाराचा हात म्हणजे त्याची ओळख, अशी आपली समजूत असते; अक्षरावरून माणूस ओळखावा तशी रेषेवरून चित्रकर्ती ओळखता येते असे आपण मानतो. इथे तो हात मॉनिटरकडून शिकत असतो. मग ती रेष जोनास यांची की हनीची, हा प्रश्न शब्दांचा खेळ राहत नाही, कारण कागदावर जे उमटते ते या मंडलाखेरीज उमटलेच नसते.

त्याच वर्षी न्यू यॉर्कच्या पश्चिमेकडील मोकळ्या जागांवर केलेल्या ‘डिले डिले’ या सादरीकरणात जोनास यांनी हेच अंतर उघड्यावर दाखवले होते. प्रेक्षक एका इमारतीच्या गच्चीवर होते. लांबवर उभे असलेले कलाकार लाकडी ठोकळे आपटत आणि ठोकळे एकमेकांवर आदळल्याचे दिसल्यानंतर क्षणभराने आवाज ऐकू येई. डोळ्यांना कळते ते आणि कानांना कळते ते यांच्यात फट पडत होती. खोलीतल्या मंडलात ही फट शरीर आणि प्रतिमा यांच्यात आली, एवढाच काय तो बदल.

घसरणारे चित्र

‘व्हर्टिकल रोल’ ही सुमारे वीस मिनिटांची फीत या प्रकरणाचा गाभा आहे. ती समजण्यासाठी जुन्या दूरचित्रवाणी संचाचे कार्य थोडक्यात सांगणे आवश्यक आहे. नळीच्या संचात इलेक्ट्रॉनांचा झोत वरून खाली एकेक रेघ आखत चित्र उभे करतो. अमेरिकन पद्धतीत एका चित्रात ५२५ रेघा असत आणि झोत सेकंदाला सुमारे ६० वेळा वरून खाली जाई. एक फेरी संपली की पुन्हा वर जाण्याचा इशारा प्रक्षेपणातून येतो, आणि तो प्रवास होईपर्यंत पडदा काळा असतो. ही काळी पट्टी एरवी पडद्याच्या कडेबाहेर राहते. संचाची गती आणि आलेला इशारा यांचा मेळ बिघडला की चित्र जागेवर थांबत नाही, सरकू लागते, आणि दोन चित्रांमधली ती काळी पट्टी पडद्यावरून पुन्हापुन्हा जाताना दिसते. मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले तेही याच वर्षी, २ ऑक्टोबर १९७२ रोजी. पुढची कितीतरी वर्षे महाराष्ट्रातल्या घराघरांत चित्र असे घसरू लागले की कुणीतरी उठून ‘व्हर्टिकल होल्ड’चे बटण फिरवीत असे. माझ्या पिढीच्या वाचकांना ती घसरण आणि ते बटण दोन्ही आठवतील.

जोनास यांनी ते बटण मुद्दाम चुकीच्या जागी ठेवले आणि तिथून हलवले नाही. एका कॅमेऱ्याने त्यांची कृती मॉनिटरवर नेली, मॉनिटरवर ती घसरत राहिली, आणि दुसऱ्या कॅमेऱ्याने त्या घसरणाऱ्या मॉनिटरचे चित्रीकरण केले. आपण जी फीत पाहतो ती म्हणजे या दुसऱ्या कॅमेऱ्याने पाहिलेला पडदा आहे.

फितीच्या आरंभीच आवाज सुरू होतो. चमचा आरशावर आपटल्याचा धातूचा, कर्कश, नियमित ठोका. पुढे त्याची जागा लाकडी ठोकळ्यांचा ठोका घेतो. काळी पट्टी पडद्यावर आदळते त्या क्षणाशी हा ठोका जुळवलेला असल्यामुळे पट्टीला वजन प्राप्त होते. ती नुसती सावली न राहता एखाद्या आडव्या दांड्यासारखी वाटू लागते. मग या दांड्याभोवती शरीर वावरू लागते. पाय उडी मारतात आणि पट्टी ओलांडून गेल्याचा भास होतो. दोन हात पट्टीवर टाळी वाजवतात. नर्तकीच्या पोशाखातले पोट, मांड्या, मुखवट्याचा गाल, पिसे हे सगळे एकामागून एक येते आणि कापले जाते. कामुक प्रतिमेत जे अवयव सावकाश, डोळाभर दाखवले जातात तेच अवयव इथे आहेत, पण त्यांच्यावर नजर स्थिर होऊ लागली की पट्टी येते आणि सगळे वर ढकलून देते. पाहणाऱ्याचे डोळे शिणतात. हा शीण हे या फितीचे खरे कार्य आहे. हनी मोहिनी असल्याचे सारे संकेत देते आणि पाहणाऱ्याला मोहात पडायला आवश्यक ती स्थिरता नाकारते.

शेवटी एक बदल होतो. मॉनिटर आणि दुसरा कॅमेरा यांच्या मधल्या जागेत एक चेहरा शिरतो. मागचा पडदा घसरतच राहतो, परंतु हा चेहरा घसरत नाही, कारण तो मॉनिटरच्या आत नाही, बाहेर आहे. तो जोनास यांचा, मुखवटा नसलेला चेहरा आहे. एवढा वेळ आपण ज्याला पडदा समजत होतो तो एका खोलीतला एक संच होता आणि त्याच्यासमोर माणूस उभे राहील इतकी जागा होती, हे तेव्हा ध्यानात येते.

अनेक समीक्षकांनी या शेवटाचा अर्थ ‘सोंग उतरले, खरी स्त्री प्रकटली’ असा लावला आहे. मला तो पटत नाही. एक तर तो चेहरासुद्धा चित्रीकरणातलाच आहे. आपल्यापर्यंत तोही फितीवरूनच पोहोचतो. दुसरे असे की त्या चेहऱ्यावर मुक्तीचा किंवा कबुलीचा भाव नाही. तो मुखवट्याइतकाच शांत आहे आणि आपल्याकडे पाहतो. मी तर म्हणेन की तिथे सोंग उतरत नाही, सोंगाचा थर कुठे संपतो आणि खोली कुठे सुरू होते हे दाखवले जाते. जोनास यांनी आपली ‘खरी ओळख’ या फितीत कुठेही देऊ केलेली नाही, आणि ती देण्याचे टाळूनच त्यांनी हे काम प्रामाणिक ठेवले आहे.

आत्ममग्नतेचा आरोप

१९७६ साली ‘ऑक्टोबर’ या नियतकालिकाच्या पहिल्याच अंकात समीक्षक रोझालिंड क्राउस यांनी व्हिडिओवर एक लेख लिहिला आणि त्यात असे मत मांडले की व्हिडिओचे खरे माध्यम यंत्र नसून एक मानसिक अवस्था आहे, आणि ती अवस्था म्हणजे आत्ममग्नता. कॅमेरा आणि मॉनिटर हे दोन कंस आहेत आणि त्यांच्यामध्ये कलावंताचे शरीर अडकलेले आहे, असे त्यांचे चित्र होते. अमेरिकन कलावंत व्हिटो अकॉन्ची यांनी १९७१ च्या ‘सेंटर्स’ या फितीमध्ये मॉनिटरच्या मध्यबिंदूकडे बोट रोखून धरले होते, क्राउस यांनी त्या कामापासूनच आपल्या विवेचनाला सुरुवात केली. ‘व्हर्टिकल रोल’ला मात्र त्यांनी वेगळी जागा दिली. यंत्रावरच आघात करून या मंडलाच्या पकडीतून बाहेर पडू पाहणारे काम म्हणून त्यांनी त्याचा विचार केला.

या लेखाचे मोल मी मानतो, कारण व्हिडिओसमोर एकटा बसलेला कलावंत कोणत्या सापळ्यात सापडू शकतो हे त्याने स्पष्टपणे सांगितले. जोनास यांनाही हा धोका ठाऊक होता. आपल्याच नाट्यमयतेच्या मागे लागता लागता आपल्या प्रतिमा कधी आत्ममग्न, कधी अमूर्त होत गेल्या आणि स्वतःतच बुडून जाण्याची भीती होती, अशा आशयाचे त्यांनी लिहून ठेवले आहे. आपल्या निरनिराळ्या वेषांमध्ये आणि त्यांतून सुचणाऱ्या कल्पनांमध्ये संवाद घडवण्याचा आपला प्रयत्न होता, असेही त्या म्हणतात.

तरीही क्राउस यांच्या मांडणीत एक गोष्ट सुटते. फितीपुरते पाहिले तर कलावंत आणि मॉनिटर असे दोघेच दिसतात. सादरीकरणात तिसरा घटक होता: प्रेक्षक, आणि त्यांच्यासमोर उघडपणे कॅमेरा चालवणारी दुसरी स्त्री. आत्ममग्नतेला साक्षीदार चालत नाही. स्वतःच्या प्रतिबिंबात गुंगलेल्या माणसाकडे कुणी मागून पाहत असेल आणि त्या माणसाला ते ठाऊक असेल, तर ती आत्ममग्नता राहत नाही, तिचे प्रदर्शन होते, आणि प्रदर्शनाची परीक्षा करता येते. ‘मिरर चेक’मध्ये आरशातली प्रतिमा जोनास यांच्यापाशीच राहत होती. ऑरगॅनिक हनीच्या वेळी त्यांनी ती प्रतिमा मॉनिटरवर सगळ्यांसमोर ठेवली आणि ‘मी स्वतःला अशी पाहते’ हे वाक्य सार्वजनिक केले. १९७० ते १९७२ या काळातला हा प्रवास या प्रकरणातला सर्वांत धाडसी टप्पा आहे आणि त्याकडे पुरेसे लक्ष दिले गेलेले नाही, असे मला प्रामाणिकपणे वाटते.

सोंगाची सामग्री

हनीला बाहुलीचा चेहरा, पिसे आणि पंखा कुठून मिळाले, याचाही विचार करायला हवा. ही सगळी सामग्री बाजारातली आहे. पुरुषांच्या करमणुकीसाठी तयार झालेली स्त्रीची प्रतिमा दुकानातून विकत आणून जोनास यांनी ती आपल्या चेहऱ्यावर चढवली. पण तिची खिल्ली उडवणे एवढाच त्यांचा उद्देश असता तर काम एका बैठकीत संपले असते. हनीमध्ये त्यांना खरे आकर्षण वाटत होते, नटण्यातला आनंद वाटत होता, आणि तो आनंद त्यांनी झाकला नाही. हनी कधी जादूगारणीसारखी वागते, कधी मुलीसारखी वस्तूंशी खेळते: पाण्याने भरलेली काचेची बरणी, बाहुली, आरसा, चमचा. त्या काळच्या चळवळीत नटव्या स्त्रीच्या प्रतिमेकडे बहुधा शत्रूसारखे पाहिले जाई. जोनास यांनी तिला घरात घेतले आणि ती नेमकी कशाची बनलेली आहे हे तपासले.

कल्पित व्यक्तिमत्त्वाचा हा मार्ग पुढे अनेकींनी अनुसरला, आणि त्याचे एक उदाहरण मुंबईचे आहे. पुष्पमाला एन. यांनी १९९६ ते १९९८ या काळात केलेल्या ‘फँटम लेडी ऑर किस्मत’ या कृष्णधवल छायाचित्रमालिकेत मुखवटा, टोपी आणि पिसे धारण केलेली एक साहसी नायिका मुंबईच्या रस्त्यांवर आणि इमारतींमध्ये वावरते. ती आली आहे हिंदी चित्रपटांतल्या जुन्या साहसनायिकेच्या स्मृतीतून. तिला शहर आहे, खलनायक आहेत, जुळी बहीण आहे, म्हणजेच तिला गोष्ट आहे. पुष्पमाला यांचे सोंग प्रेक्षकांच्या सामूहिक आठवणीवर उभे आहे. हनीला अशी आठवण नाही, तिला फक्त त्या क्षणीचे मंडल आहे. म्हणून पुष्पमाला यांची नायिका छायाचित्रात गोठवली तरी जिवंत राहते आणि हनीचे छायाचित्र मात्र वेषभूषेचे छायाचित्र वाटते.

फीत उरली, खोली गेली

सत्तरच्या दशकाच्या मध्यापासून जोनास परीकथांकडे वळल्या. १९७६ च्या ‘द जुनिपर ट्री’पासून त्यांच्या कामात कथा आली, आणि सोंगांना आधार देण्याचे काम मंडलाऐवजी कथेने घेतले. १९९४ साली ॲम्स्टरडॅमच्या स्टेडेलाइक संग्रहालयातल्या मोठ्या प्रदर्शनाच्या निमित्ताने त्यांनी आपल्या जुन्या सादरीकरणांची मांडणशिल्पे केली आणि ऑरगॅनिक हनीलाही तसे रूप मिळाले: वस्तू, वेष, रेखाटने, आरसे आणि फिती एका जागेत. २०१५ साली व्हेनिस बिएनाले या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनात त्यांनी अमेरिकेचे प्रतिनिधित्व केले, २०१८ साली लंडनच्या टेट मॉडर्नने आणि २०२४ साली न्यू यॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने त्यांच्या समग्र कामाची प्रदर्शने भरवली. आज ही बाई बहुतेकांना अशा प्रदर्शनांतून किंवा फितींच्या अंकीय प्रतींतूनच भेटते.

जतनाच्या दृष्टीने इथे एक विचित्र गोष्ट घडली आहे. नळीचे संच आता बनत नाहीत आणि आजच्या सपाट पडद्यावर चित्र तसे घसरू शकत नाही. त्यामुळे ‘व्हर्टिकल रोल’ नष्ट व्हायला हवी होती, पण ती टिकली, कारण जोनास यांनी बिघाड जिवंत ठेवण्याऐवजी दुसऱ्या कॅमेऱ्याने त्याचे चित्रीकरण केले होते. पट्टी फितीतच आहे. कोणत्याही पडद्यावर ती येते आणि आदळते. हरवला तो पाहणाऱ्याचा हात. ज्याला व्हर्टिकल होल्डचे बटण ठाऊक आहे त्याला ही फीत पाहताना उठून ते फिरवावेसे वाटते आणि आपण काहीही करू शकत नाही याची जाणीव होते. ज्याने ते बटण कधी पाहिलेच नाही त्याला ही पट्टी संकलनातली एक क्लृप्ती वाटू शकते. म्हणून ही फीत दाखवताना जुना, खोक्यासारखा मॉनिटर वापरावा, निदान शेजारी तसा एक संच ठेवून त्याचे कार्य प्रेक्षकांना दाखवावे, असे मला आग्रहाने म्हणावेसे वाटते.

सादरीकरणाची हानी अधिक मोठी आहे. लो ज्युदिचे गॅलरीतल्या प्रेक्षकाला लांबची बाई आणि जवळची प्रतिमा यांच्यात नजर सतत वाटून द्यावी लागत होती. मांडणशिल्पात मेज आहे, मुखवटा आहे, चमचा आहे, मॉनिटरवर हनीही आहे, परंतु मेजापाशी कागदाकडे न पाहता चित्र काढणारे शरीर नाही. ज्या संग्रहालयांना हे प्रकरण पूर्णत्वाने दाखवायचे आहे त्यांनी मांडणीत एक चालू कॅमेरा आणि त्याला जोडलेला एक मॉनिटर ठेवून प्रेक्षकालाच कागद-पेन्सिल द्यावी आणि पडद्याकडे पाहत एखादी साधी आकृती काढायला सांगावे. ‘लेफ्ट साइड राइट साइड’मध्ये जोनास यांचे बोट जिथे अडखळते, तिथेच त्याचाही हात अडखळेल.